‘अलबत’ची खात्री

जुन्या इंग्रजी गद्यात ‘फोरसूथ’ हे निश्चयवाचक क्रियाविशेषण भेटते. त्यातील ‘सूथ’ म्हणजे सत्य, आणि व्युत्पत्तीने तो आपल्या ‘सत्’ व ‘सत्य’ यांचा दूरचा भाऊबंद. ‘खरोखर’ या अर्थाने निघालेला हा शब्द वापरून वापरून इतका झिजला, की पुढे तो मुख्यतः उपहासापुरता उरला. मराठीतील ‘अलबत’ची हकीकत त्याच्याशी ताडून पाहण्याजोगी आहे.

‘अलबत’ मूळचा अरबी. ‘बत्त’ म्हणजे कापणे, तोडून टाकणे. ज्या विधानाने वाद तुटतो ते निर्णायक, ही त्यामागची कल्पना. आपल्या ‘एक घाव दोन तुकडे’ या वाक्प्रचारात तीच आहे. फारसीच्या वाटेने मराठीत येऊन तो ‘निःसंशय’ या अर्थाने स्थिरावला.

नांदेड व लातूर या भागांत या शब्दाला एक जुळा भाऊ मिळाला. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता. १८८०च्या दशकात तेथील राज्यकारभाराची भाषा फारसीऐवजी उर्दू झाली. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे शिक्षणही उर्दूतूनच होते. आता उर्दूतील ‘अलबत्ता’चा रोख पाहावा. तेथे तो बहुधा ‘मात्र’, ‘तथापि’ या अर्थाने येतो. म्हणजे मराठीत ज्या शब्दाने वचन पुरे होते, त्याच शब्दाने उर्दूत अपवाद सुरू होतो! शेजारी नांदणाऱ्या दोन भाषांत एकाच शब्दाने अशा दोन वाटा धराव्यात, हे विलक्षण आहे.

मराठवाड्याच्या बोलीतील अरबी-फारसी शब्द म्हणजे निजामी अमलाची खूण, असे सर्रास मानले जाते. ‘अलबत’पुरते तरी ते टिकत नाही. निजामी मुलखाबाहेर, मुंबई इलाख्यात सिद्ध झालेल्या मोल्सवर्थच्या कोशात (दुसरी आवृत्ती १८५७) हा शब्द आहे, आणि तो मराठी अर्थानेच आहे. शिवाय मराठवाड्याच्या कचेऱ्यांत उर्दू आली ती त्यानंतर.

भाषाशुद्धीच्या भरात असा शब्द टाकला, तर त्याच्या जागी ‘खचित’ आहेच, असे कोणी म्हणेल. परंतु ‘खचित’ म्हणजे मुळात जडवलेले, कोंदणात बसवलेले. एक शब्द खात्री जडवतो, दुसरा शंका तोडतो. दोन्ही कामे भाषेला लागतात.