कॅमेऱ्यावाचून चित्रपट

चित्रपट म्हटला की कॅमेरा हवाच, ही समजूत सार्वत्रिक आहे. ती खोटी ठरविणारे कलावंत लेन लाय यांचा जन्म १९०१ साली न्यूझीलंडमधील क्राइस्टचर्च येथे झाला. वडील लवकर वारले. सावत्र वडील दीपगृहाचे रखवालदार असल्यामुळे बालपणाचा काही काळ समुद्र आणि वारा यांच्या सहवासात गेला. चित्रात आकार पकडता येतो, मग गती का पकडता येऊ नये, हा प्रश्न तरुणपणीच त्यांच्या मनात रुजला आणि तो त्यांना जन्मभर पुरला.

१९२६ साली ते जहाजावर कोळसा ओढण्याची मजुरी करीत लंडनला पोहोचले. तेथे हजारो चित्रे हाताने काढून त्यांनी 'तुसालावा' हा पहिला चित्रपट १९२९ मध्ये पुरा केला. पुढच्या कल्पना सिद्ध होत्या. द्रव्य मात्र नव्हते. कॅमेऱ्याचा खर्च झेपेना, तेव्हा लाय यांनी कॅमेराच वगळला आणि पारदर्शक फिल्मच्या पट्टीवर थेट रंग भरण्यास आरंभ केला.

ब्रिटिश टपाल खात्याचा चित्रपट विभाग त्या वेळी जॉन ग्रिअर्सन यांच्या हाती होता. अनुबोधपटाच्या चळवळीच्या या प्रवर्तकाने लाय यांना आश्रय दिला. मोबदल्यात चित्रपटात खात्याची जाहिरात यावी, एवढेच. १९३५ चा 'ए कलर बॉक्स' हा सुमारे चार मिनिटांचा चित्रपट असा जन्मला. नृत्यसंगीताच्या तालावर रंगांच्या रेषा थरथरतात आणि अखेरीस अक्षरे पार्सलांचे स्वस्त दर सांगतात! १९३७ च्या 'ट्रेड टॅटू'साठी तर त्यांनी खात्याच्या अनुबोधपटांतील उरलेसुरले तुकडे घेतले. गिरण्या, जहाजे, पत्रांची छाननी ही रोजची दृश्ये रंगून निघाली, आणि पत्रे वेळेवर टाका हा रुक्ष संदेश श्रमाच्या लयीचे गीत झाला.

महायुद्धात त्यांनी सरकारसाठी युद्धविषयक अनुबोधपट केले. १९४४ मध्ये ते न्यूयॉर्कला गेले व 'मार्च ऑफ टाइम' या वृत्तपटमालेत काम करू लागले. १९५८ साली काळ्या फिल्मवर सुयांनी ओरखडे काढून केलेल्या 'फ्री रॅडिकल्स'ला ब्रुसेल्सच्या प्रायोगिक चित्रपट स्पर्धेत दुसरे पारितोषिक मिळाले. कीर्ती आली, पण आश्रयदाता आला नाही. तेव्हा त्यांनी चित्रपटनिर्मितीकडे जवळजवळ पाठ फिरविली आणि पोलादाच्या पट्ट्या व सळ्या यांची हलती शिल्पे उभारण्यास वाहून घेतले.

१९८० साली त्यांचे निधन झाले. न्यूझीलंडमधील न्यू प्लिमथ गावी त्यांच्या कल्पनेतून साकारलेली ४५ मीटर उंचीची 'विंड वाँड' आज वाऱ्यावर डोलते. २०१५ साली तेथेच त्यांच्या नावाचे कलाकेंद्र उघडले.

दारिद्र्याने या कलावंताला नवी वाट दाखविली, हे खरे. परंतु तेवढ्यावरून दारिद्र्याचा गौरव करणे अन्यायाचे होईल. एका टपाल खात्याने चार मिनिटांची मोकळीक दिली, म्हणून ती वाट जगाला दिसली. पुढे ती मोकळीक कोणी दिली नाही, म्हणून न झालेले चित्रपट किती, याची गणती कोण करणार?