सेर्गेई उरुसेव्स्की

सेर्गेई पाव्लोविच उरुसेव्स्की (२३ डिसेंबर १९०८, सेंट पीटर्सबर्ग – १२ नोव्हेंबर १९७४, मॉस्को) हे सोव्हिएत चित्रपटसृष्टीतील ख्यातनाम रशियन छायालेखक व दिग्दर्शक होते. हातात धरलेल्या कॅमेऱ्यातून पात्रांची मनःस्थिती व्यक्त करण्याच्या शैलीसाठी ते ओळखले जातात.

जीवन

उरुसेव्स्की मूळचे चित्रकार. मॉस्कोतील व्खुतेइन या कलासंस्थेत ते व्लादिमिर फावोर्स्की या मुद्राचित्रकाराचे विद्यार्थी होते. दुसऱ्या महायुद्धात त्यांनी आघाडीवर चित्रीकरण केले. मार्क दोन्स्कॉय यांच्या 'ग्रामशिक्षिका' (१९४७) या चित्रपटासाठी त्यांना स्टालिन पारितोषिक मिळाले. पुदोव्हकिन यांचा अखेरचा चित्रपट आणि ग्रिगोरी चुख्राय यांचा 'एक्केचाळिसावा' (१९५६) यांचे छायालेखनही त्यांचेच.

कालातोझोव यांच्यासमवेत

दिग्दर्शक मिखाइल कालातोझोव यांच्या 'क्रौंच उडत आहेत' (१९५७) या चित्रपटाने उरुसेव्स्कींना जागतिक कीर्ती दिली. व्हिक्टर रोझोव यांच्या नाटकावर आधारलेल्या या चित्रपटास १९५८ साली कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. त्यातील निरोपाचा प्रसंग अभ्यासकांनी मुळातून पाहावा. युद्धावर निघालेल्या प्रियकराला गाठू पाहणारी व्हेरोनिका बसमध्ये आहे. ती उतरून गर्दीत शिरते, तसा कॅमेराही तिच्यामागून उतरतो आणि ती रणगाड्यांच्या रांगेतून धावू लागताच उंच वर उचलला जातो. हे सारे एकाच अखंड दृश्यखंडात घडते. बसमध्ये चित्रण करणारा चालकच कॅमेऱ्यासह खाली उतरून यारीवर चढत असे. नायक बोरिसच्या मृत्यूच्या वेळी त्याच्या डोळ्यांसमोर गरगरणारी बर्चची झाडे हीदेखील याच शैलीची देणगी होय.

'मी क्यूबा' (१९६४) मध्ये हा प्रयोग टोकाला गेला. अवरक्त फिल्ममुळे ताडाची झाडे व ऊस पांढरे दिसतात. अंत्ययात्रेच्या दृश्यात कॅमेरा रस्त्यावरून इमारतीच्या कडेने वर चढतो, सिगारच्या कारखान्यातून जातो आणि खिडकीतून बाहेर पडून जनसमुदायावर तरंगत राहतो. ज्या क्रांतीच्या गौरवासाठी चित्रपट काढला, त्या क्यूबातच तो रुचला नाही. सोव्हिएत संघातही आशयापेक्षा रूपाला महत्त्व दिल्याचा आक्षेप आला. आक्षेप सर्वस्वी निराधार नव्हता, कारण पात्रांपेक्षा कॅमेराच अधिक लक्षात राहतो. मात्र त्यापायी चित्रपट तीन दशके विस्मृतीत गेला, हे अन्यायाचेच म्हणावे लागेल.

पुढे उरुसेव्स्की स्वतः दिग्दर्शनाकडे वळले. चिंगीझ ऐतमातोव यांच्या कथेवरील आणि कवी येसेनिन यांच्यावरील असे दोन चित्रपट त्यांनी केले. १९९० च्या दशकात मार्टिन स्कॉर्सेसी व फ्रान्सिस फोर्ड कपोला यांच्या पुरस्कारामुळे 'मी क्यूबा' अमेरिकेत पुन्हा प्रदर्शित झाला. तोपर्यंत त्यांच्या निधनास वीस वर्षे लोटली होती.