कानाशी गाणाऱ्या गळ्याची कुळकथा

चंदीगडच्या घरात हाय-फाय लावणाऱ्याचं पहिलं भांडण घराशीच होतं. मोझॅइकची फरशी, उघड्या भिंती, त्यामुळे सूर घुमतो. ही कटकट वास्तुकार ल कॉर्बुझिएलाही चुकली नव्हती. त्याच्या उच्च न्यायालयाच्या काँक्रीटमध्ये शब्द घुमू नयेत म्हणून काश्मिरी विणकरांकडून 9 अवाढव्य लोकरी भित्तिपट विणून घेतले गेले. मुख्य न्यायमूर्तींच्या न्यायदालनातला एकटाच 144 चौरस मीटरचा. ही इमारत सुरू झाली 1955 साली. त्याच वर्षी फ्रँक सिनात्राची ‘इन द वी स्मॉल अवर्स’ ही 16 गाण्यांची तबकडी निघाली. मी ती ऐकताना स्पीकरसमोरच्या भिंतीला जाड गालिचा टांगतो. उपाय कॉर्बुझिएचाच, फक्त स्वस्तातला.

सिनात्रासारख्या, कानाशी हळुवार गाणाऱ्या गायकाला इंग्रजीत क्रूनर म्हणतात. क्रून हा शब्द इंग्रजीत आला स्कॉटलंडच्या बोलीतून. त्याचं मूळ जुन्या डच भाषेतल्या विलापात, कण्हण्यात. पुढे त्याचा अर्थ मवाळला आणि गुणगुणण्यावर आला. गायकांना मात्र तो आधी टोमणा म्हणूनच चिकटला. 1932 साली बॉस्टनचे कॅथलिक धर्मगुरू कार्डिनल ओकॉनेल यांनी तर हे गाणं बेशरम ठरवून झोडपलं. परक्या पुरुषाने रेडिओतून बायकामुलींच्या इतक्या जवळ येऊन बोलावं, हे त्यांना कसं रुचणार!

ही जवळीक आली यंत्रातून. 1925पर्यंत ध्वनिमुद्रण म्हणजे भोंग्यात गाणं. गळ्याच्या जोरावरच सुई हलायची. कुजबूज मेणावर उमटायचीच नाही. त्या वर्षी विजेवरचं मुद्रण आलं, मायक्रोफोन आला आणि हळू गाणाऱ्याला दिवस आले. रूडी व्हॅली, बिंग क्रॉस्बी ही त्यातली थोरली पाती. सिनात्रा धाकटा, पण माइक वाद्यासारखा वाजवावा हे त्याला पुरतं कळलं होतं. दमसास तो शिकला बँडप्रमुख टॉमी डॉर्सीच्या ट्रॉम्बोनकडे बघून.

आपल्याकडेही हेच घडलं. संगीत नाटकातल्या नटाला शेवटच्या रांगेपर्यंत आवाजाची फेक लागे. 1930च्या दशकात गायक जी. एन. जोशींनी ना. घ. देशपांड्यांची ‘शीळ’ ही कविता तबकडीवर आणली, आणि भावगीताला फेकीची गरज उरली नाही. तीन दशकांनी अरुण दाते ‘शुक्रतारा’ गायले, ते तर जणू खोलीतल्या एकाच माणसासाठी. गाण्याला आपण भावगीत हे सुंदर नाव दिलं. त्या गळ्याला मात्र ‘क्रूनर’सारखं नाव दिलं नाही.

हाय-फायवाले तारांवरून वाद घालत बसतात. मला विचाराल तर निम्मा खेळ खोलीचा. स्पीकरमधून थेट आलेला सूर कानाला जवळचा वाटतो; भिंतींवरून परतलेला त्यात फार मिसळला की गायक उठून सभागृहात जाऊन उभा राहतो. गालिचा टांगला आणि सिनात्रा परत आला. तबकडी मोनो, म्हणून दोन स्पीकरांच्या बरोबर मधे, ओळ सुरू होण्याआधी त्याने घेतलेला श्वास ऐकू आला.