मळका ॲप्रन नाकारणारी हेझेल स्कॉट

आज आम्ही तुम्हाला पियानो वाजवणाऱ्या एका बाईची गोष्ट सांगणार आहोत.

हेझेल स्कॉट १९२० साली वेस्ट इंडिजमधल्या त्रिनिदाद बेटावर जन्मली आणि लहानपणीच आईबरोबर अमेरिकेत, न्यूयॉर्कला आली. आई सॅक्सोफोन वाजवायची. हेझेलचा हात पियानोवर बसला. मोठेपणी ती जॅझमध्ये नावाजली. जॅझ म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय लोकांनी घडवलेलं संगीत. त्यात वाजवणारा ठरलेल्या चालीत जागच्या जागी स्वतःची भर घालतो.

तिला सिनेमात बोलावणं आलं. त्या काळी कृष्णवर्णीय बाईला पडद्यावर बहुतेक मोलकरणीचंच काम मिळायचं. घरकाम करण्यात कमीपणा नाही, पण आमच्यातली प्रत्येक बाई तेवढीच का दाखवायची? हेझेलने अशी कामं नाकारली. सिनेमात ती हेझेल स्कॉट म्हणूनच दिसायची, चांगले कपडे घालून, पियानोवर बसलेली.

१९४३ च्या ‘द हीट्स ऑन’ या सिनेमात एक प्रसंग होता. युद्धावर निघालेल्या आपल्या माणसांना कृष्णवर्णीय बायका निरोप देतात. त्या बायकांना मळके ॲप्रन घालायला दिले. हेझेलचे स्वतःचे कपडे ठीकच होते, तरी ती अडून बसली. आपल्या माणसाला लढाईवर पाठवताना कोणती बाई मळक्या ॲप्रनमध्ये जाईल, असं तिचं म्हणणं. तीन दिवस तिने काम बंद ठेवलं. शेवटी ॲप्रन गेले.

किंमत मात्र तिला मोजावी लागली. कंपनीचा मालक चिडला. १९४५ नंतर हॉलिवूडचं दार तिला बंद झालं.

वाजवणं थांबलं नाही. जिथे गोऱ्यांना आणि कृष्णवर्णीयांना वेगळं बसवतात तिथे वाजवणार नाही, ही अट ती करारातच घालायची. १९५० मध्ये टीव्हीवर तिच्या नावाचा कार्यक्रम सुरू झाला. असा मान मिळालेली ती अमेरिकेतली पहिली कृष्णवर्णीय बाई. पण त्याच वर्षी तिच्यावर कम्युनिस्ट असल्याचा संशय घेतला गेला. ती आपणहून चौकशी समितीपुढे गेली आणि ठणकावून बोलली. थोड्याच दिवसांत कार्यक्रम बंद पडला. पुढे काही वर्षं ती पॅरिसला राहिली. १९८१ मध्ये ती न्यूयॉर्कमध्ये वारली.

मैत्रिणींनो, आपण कामाला जातो तेव्हा बोली बहुतेक तोंडीच असते. हेझेल स्वतःची अट आधी कागदावर घ्यायची. आणि अपमान दुसरीचा होता, तेव्हा कागद नसतानाही ती थांबली. यातलं आपल्याला काय जमेल, ते गटाच्या पुढच्या बैठकीत बोलूया.