राजाने लिहून दिलेले



मी कामगारांत वावरणारा माणूस. माझी शाळा लवकर सुटली. इतिहास वाचला तो जिनातली पाळी संपल्यावर. त्यामुळे राजेरजवाड्यांकडे मी पाहतो ते मागणीपत्रक हाती घेतलेल्या माणसाच्या नजरेने. कोणी काय दिले, केव्हा दिले, आणि दिलेले टिकले का?

फ्रान्समध्ये ४ ऑगस्ट १७८९ च्या रात्री राष्ट्रसभेत नोआय नावाचा सरदार उठला आणि सरदारांनी आपले हक्क सोडावेत असे त्याने सुचविले. मग त्यागाची चढाओढच लागली. परंतु त्याआधी खेड्यापाड्यांतून गढ्या पेटल्या होत्या, हे विसरू नये. शिवाय जमिनीवरची बहुतेक देणी कुळाने मोबदला भरूनच सोडवायची होती. मोबदल्यावाचून ती सुटली १७९३ साली, लोक हटून बसले तेव्हा. रात्री दिलेले दान सकाळी हिशेबाच्या वहीत गेले!

आता आपल्या महाराष्ट्राकडे वळू. औंध हे विखुरलेल्या बहात्तर गावांचे लहानसे संस्थान. भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी १९०९ साली गादीवर आले. ते चित्रकार, कीर्तनकार, सूर्यनमस्काराचे प्रचारक; १९३५ च्या इंदूर साहित्यसंमेलनाचे अध्यक्ष. १९१० साली लक्ष्मणराव किर्लोस्करांना कारखान्यासाठी त्यांनीच कुंडलजवळचा माळ दिला.

१९३८ साली संस्थानांतून प्रजेच्या चळवळी उसळल्या. कित्येक राजांनी लाठी उचलली. बाळासाहेबांनी मात्र चिरंजीव आप्पासाहेब आणि मॉरिस फ्रीडमन हे पोलिश अभियंते यांच्यासह गांधीजींचा सल्ला घेतला आणि जानेवारी १९३९ मध्ये राज्यकारभार प्रजेच्या हाती देणारी घटना जाहीर केली. गावाने पंचायत निवडावी, पंचायतींतून तालुका समिती व्हावी, तीतून मध्यवर्ती विधिमंडळ, आणि मंत्र्यांनी त्या मंडळाला जबाब द्यावा, अशी ती रचना. त्याच वर्षी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांची मोकळी वसाहत सुरू झाली. पुढे प्रतिसरकारचे एक मोठे केंद्र ठरलेले कुंडल हेही औंधचेच गाव.

कोणी म्हणेल, राजाला वारा कळला होता, त्यात मोठेपणा कसला? वारा तर सगळ्यांनाच कळतो, मित्रहो. प्रश्न असा की कळल्यावर दार कोण उघडतो आणि कोण अडसर घालतो.

मी एका जिनात काम केले आहे. मालक मायाळू होता. आजारी मजुराला तो पगार देई, दिवाळीला कपडा देई. आम्ही त्याला देवमाणूस म्हणत असू आणि लेखी करार मागणे म्हणजे कृतघ्नपणा समजत असू. तो वारला. नव्या कारभाऱ्याने विचारले, "कागद कुठे आहे?" कागद नव्हता. एका हंगामात सारे बंद झाले. त्या दिवसापासून दयेची मला भीती वाटते. दया माणसाबरोबर जाते.

बाळासाहेबांचे मोल मला इथे दिसते. त्यांनी दया केली नाही, कायदा केला. आणि त्या कायद्याने प्रथम स्वतःचे हात बांधले.

पण कागदाचीही एक मर्यादा आहे. ८ मार्च १९४८ रोजी औंध मुंबई प्रांतात विलीन झाले. नऊ वर्षांची घटना संपली. १९५१ साली बाळासाहेबही गेले. मग उरले काय? चावडीवर बसून हिशेब तपासलेले, भांडण मिटवलेले, हात वर करून मत दिलेले शेतकरी उरले. एकदा कारभार केलेला माणूस पुन्हा नुसता रयत होत नाही.

म्हणून माझे सांगणे एवढेच. भल्या माणसाचा मान जरूर राखा. पण त्याच्याकडून लिहून घ्या. आणि लिहून घेतलेले चालवायला शिका. नाहीतर राजा कितीही खाली उतरला, तरी आपण गादीपुढे हात जोडूनच उभे राहू.