रंगासाठी गेले, दृष्टी घेऊन आले

आनेकलहून वायव्येस, बनेरघट्ट्याच्या रानापलीकडे, कनकपुरा रस्त्यावर ताटगुणीचा विस्तीर्ण मळा लागतो. चित्रकार स्वेतोस्लाव रोरिक व त्यांच्या पत्नी, अभिनेत्री देविका राणी, यांचा हा मळा. १९९४ साली बंगळुरात निवर्तलेल्या या बाईंनी तरुणपणी बर्लिनच्या ऊफा चित्रशाळेत चित्रपटकलेचे धडे घेतले होते.

त्याच सुमारास एक मराठी दिग्दर्शकही जर्मनीस गेला. १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेल्या प्रभात कंपनीने ‘सैरंध्री’ रंगीत काढण्याचे धाडस केले व १९३३ साली त्या रंगप्रक्रियेसाठी व्ही. शांताराम तिकडे रवाना झाले. रंग मनाजोगता उतरला नाही. ज्यासाठी समुद्र ओलांडला ते साधले नाही. परंतु तेथील चित्रपट व चित्रशाळा त्यांनी डोळसपणे पाहिल्या.

त्या पाहण्याचे फळ म्हणजे पुण्यातील नव्या वास्तूत १९३४ साली तयार झालेला ‘अमृतमंथन’ होय. बळी देण्याच्या प्रथेवर प्रहार करणाऱ्या या बोलपटात काळोखातील गुप्त बैठक व पडदाभर पसरलेला राजगुरूचा एकच डोळा ज्यांनी पाहिला, ते तो सहसा विसरत नाहीत. छायाप्रकाशाची ही रीत जर्मन वळणाची खरी. पण नुसता डोळा काय सांगणार? त्याच्या आधी काय दिसले आणि मागाहून काय दिसले, यावरूनच प्रेक्षकाच्या मनात भय उपजते. तुकड्यांचा हा क्रम लावणे म्हणजेच संकलन. ते साधले तर कोणाच्या लक्षात येत नाही आणि म्हणूनच संकलकाचे नावही सहसा कोणाच्या ध्यानी राहत नाही.

देविका राणी व हिमांशु राय यांनी १९३४ साली मालाडला काढलेल्या बॉम्बे टॉकीजमध्ये तर दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन व छायालेखक योसेफ व्हिर्शिंग हे जर्मनच होते. १९३९ साली महायुद्ध सुरू होताच इंग्रज सरकारने त्यांना स्थानबद्ध केले. गुरू गेले, तरी काम थांबले नाही. १९४३ साली त्याच संस्थेचा ‘किस्मत’ कलकत्त्यात तीन वर्षांहून अधिक काळ चालला.

प्रभातच्या पुण्यातील वास्तूत १९६० साली सरकारी चित्रपटशिक्षणसंस्था स्थापन झाली. ‘जाने भी दो यारों’च्या संकलक रेणू सलूजा तेथेच शिकल्या. परमुलखात मनुष्य एका कामासाठी जातो आणि दुसरेच काही घेऊन परततो, हे बदलीच्या गावी राहणाऱ्या आम्हां मंडळींस निराळे सांगावयास नको.