ब्रासचा हिशोब

कात्रजहून कोंढव्याकडं निघालं की खडी मशीन चौक लागतो. आज तिथं सिग्नल आहे, हॉटेलं आहेत, सोसायट्या आहेत. पण नाव काही उगाच पडत नाही. पुणं वाढलं त्याला या बाजूच्या डोंगरांनी खडी पुरवली. आधी वडार मंडळी घण-पहारीनं दगड फोडायची. मग सुरुंग आले, क्रशर आले, जेसीबी आन् पोकलेन आले. खाणी आधीच्या, घरं मागून आली, असं खाणवाले म्हणायचे. काही ठिकाणी ते खरंही होतं. पण ज्या खाणीला परवानाच नाही, तिला आधी-मागचा हक्क कुठला?

दगड, मुरूम, माती यांना कायद्यात गौण खनिज म्हणतात. पायथ्याला राहणाऱ्याला डोंगर गौण कसा वाटावा, हे कुणी विचारलेलं नाही. 1957 च्या केंद्राच्या कायद्यानं याचे नियम करायचा अधिकार राज्याला दिला. आपल्या 1966 च्या जमीन महसूल संहितेत कलम 48 आहे. विनापरवाना उत्खनन सापडलं की तलाठी पंचनामा करतो, तहसीलदार दंड ठोकतो. दंड आधी बाजारभावाच्या तिपटीपर्यंत होता, पुढं पाच पटीपर्यंत नेला. सगळा हिशोब ब्रासमध्ये, म्हंजे शंभर घनफुटाला एक ब्रास. खड्डा फुटपट्टीनं मोजतात. शेजारच्या भिंतीचा तडा त्या पंचनाम्यात येत नाही. दंड भरला तर सरकारजमा होतो. तडा गेलेल्या घराला त्यातला रुपाया मिळत नाही.

भांडणंही तशीच, रॉयल्टीची. पुण्यातल्या बांधकाम व्यावसायिकांच्या संघटनेचा खटला सुप्रीम कोर्टापर्यंत गेला. पाया खणताना निघालेल्या मातीवर दंड लागतो का, हा वाद. 3 डिसेंबर 2014 ला कोर्टानं सांगितलं, त्या मातीचा वापर कशासाठी झाला ते आधी ठरवा, मग बोला. निकाल बरोबरच असंल. पण तो सरकार आन् बिल्डर यांच्यातला. शेजारी राहणारा त्यात कुठंच नव्हता.

शेजाऱ्याला, वाटसरूला काय भोगावं लागतं ते जून 2013 मध्ये दिसलं. कात्रजच्या बोगद्यापलीकडं शिंदेवाडीला, भोर तालुक्यात, डोंगर फोडलेला होता आन् ओढ्याच्या वाटा बुजल्या होत्या. पहिल्याच मोठ्या पावसात पाणी-चिखलाचा लोंढा महामार्गावर आला. रस्त्यानं चाललेल्या मायलेकी वाहून गेल्या. आमच्या भागात त्या पावसाळ्यात दुसरा विषय नव्हता. पाण्याला वाट लागते, हे औत हाकणाऱ्यालाही कळतं.

त्याच्या आदल्या वर्षी, 27 फेब्रुवारी 2012 ला, हरियाणाच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाचा मोठा निकाल आला होता. पाच हेक्टरच्या आतल्या खाणीला पर्यावरण मंजुरी लागत नसे, म्हणून लोक मोठ्या खाणीचे तुकडे पाडून घेत. कोर्टानं ती पळवाट बंद केली. छोट्या खाणीलाही मंजुरी लागणार. घरवाल्याच्या दृष्टीनं खरी किल्ली ही. कारण 2010 च्या कायद्यानं हरित न्यायाधिकरण आलं, 2013 मध्ये त्याचं खंडपीठ पुण्यातच सुरू झालं, पण तिथं नुसता ‘दगड चोरला’ म्हणून भागत नाही; पर्यावरणाचा कायदा मोडला हे दाखवावं लागतं. मंजुरी नसली की ते दाखवता येतं. तिथं नुकसानभरपाईही मागता येते, ब्रास नव्हे तर घर, विहीर, पीक मोजून.

अडचण मुदतीची. वादाचा अर्ज कारण घडल्यापासून सहा महिन्यांत, भरपाईचा पाच वर्षांत. थोडी सवलत मिळते, पण माणूस आधी तलाठ्याकडं, मग तहसीलदाराकडं हेलपाटे घालतो आन् सहा महिने कधी सरले ते कळत नाही. म्हणून ओळखीचं कुणी आलं की मी सांगतो, भिंतीला तडा दिसला की त्याच्या टोकाला पेन्सिलनं तारीख घाला, फोटो काढा, आन् अर्ज दिला की पोच घेतल्याशिवाय ऑफिसातून हलू नका.